आबांच्या उजव्या बाजूनं

माझ्या हातात कॅमेरा आला तो लग्नांमुळं. पॉलिटेक्निकचा डिप्लोमा झाला होता, नोकरी लागत नव्हती आणि छावणीतल्या एका फोटो स्टुडिओला बाई हवी होती. कॅमेरा येवो न येवो, बाई हवी होती. तिथल्या मुसलमान घरांतल्या लग्नांत बायकांचा भाग वेगळा असायचा आणि तिकडं पुरुष कॅमेरावाला चालत नसे. स्टुडिओचे मालक वयस्कर होते. पहिल्या लग्नाला पाठवताना ते मला एवढंच म्हणाले, "बेटा, दुल्हन के सामने से हटना नहीं, और किसी की नज़र में आना नहीं."

या दोन्ही गोष्टी एकदम कशा करायच्या ते कळायला मला दोन-तीन लग्नसराया लागल्या. छोटी खोली, भिंतीवर एक ट्यूबलाईट, भिंतीला टेकून दाटीवाटीनं बसलेल्या बायका. मध्ये मान खाली घातलेली नवरी. मी कोपऱ्यात उकिडवी बसायची आणि उजेड कुठून येतो ते शोधायची. स्टीलच्या पिंपावरून, पांढऱ्या ओढणीवरून, कुठून तरी तो येतोच. पुढं मी जे काही शिकले त्याची सुरुवात त्या खोल्यांमध्ये झाली.

तिथून शॉर्टफिल्म, मग शेतीवरच्या माहितीपटांची कामं, मग पुण्यात एका मोठ्या सिनेमॅटोग्राफरच्या हाताखाली असिस्टंट म्हणून काही वर्षं. पुण्यात राहिले असते तर काम मिळत राहिलं असतं. पण मला स्वतःच्या फ्रेम लावायच्या होत्या आणि तिथं रांग लांब होती. मी परत आले. आमचं शहरातलं घर पुंडलिकनगरला, शेती गावी, पिशोरला. आबा पाटबंधारे खात्यात कालवा निरीक्षक होते. निवृत्त झाल्यावर ते आणि आई पिशोरलाच राहायला गेले आणि शहरातलं घर माझ्याकडं आलं.

आबांनी माझं काम कधी पाहिलं नव्हतं. पाहायचं नाही असं काही ठरवलेलं नव्हतं, पण मी कधी दाखवलं नाही आणि त्यांनी कधी मागितलं नाही. नातेवाइकांनी विचारलं की ते म्हणायचे, "शूटिंगचं काम करती," आणि लगेच कापसाच्या भावावर यायचे. मध्ये एकदा त्यांनी एक स्थळ आणलं होतं. मी नाही म्हटलं. मुलाकडचे लोक घरून गेल्यावर ते माझ्याशी भांडले नाहीत, पण तेव्हापासून आमच्यातलं बोलणं कामापुरतं उरलं. गॅस आला का, नळाचं पाणी कधी येतं, टॅक्स भरला का.

हे सगळं सांगते आहे ते एका सिनेमापायी. माझा पहिला पूर्ण लांबीचा सिनेमा. दिग्दर्शक माझा जुना मित्र, विद्यापीठात नाटक शिकलेला, आमच्या सगळ्या शॉर्टफिल्म आम्ही मिळून केलेल्या. गोष्ट साधी होती. एका म्हाताऱ्याची म्हैस दावं तोडून जाते आणि तो एक अख्खा दिवस तिला शोधत चालतो. त्याला वाटेत माणसं भेटतात, तो पुन्हा चालतो. मित्र म्हणायचा, "हा सिनेमा चालण्याचा आहे. म्हातारा चालायला पाहिजे आणि आपण बघत राहायला पाहिजे."

चित्रीकरण पिशोरला करायचं ठरलं, कारण तिथं आमचं घर होतं, विहीर होती, गोठा होता आणि कालव्याचा लांबच लांब भराव होता. आम्ही मोजकीच माणसं होतो. आईनं सगळ्यांच्या जेवणाचं अंगावर घेतलं. कॅमेरा पुण्याहून भाड्यानं आणलेला, आठवड्याभरानं तो परत जायचा होता. म्हाताऱ्याच्या भूमिकेसाठी शहरातले एक नाट्यकलावंत ठरले होते. चित्रीकरण दुसऱ्या दिवशी सुरू होणार आणि संध्याकाळी त्यांचा फोन आला की त्यांना मुंबईला मालिकेत काम मिळालं आहे, ते येऊ शकत नाहीत.

मित्र ओट्यावर डोकं धरून बसला. तेवढ्यात आबा कालव्याकडून आले. भरावावरून खाली उतरून, शेताच्या बांधावरून, खांद्यावर टॉवेल टाकून. आबांचं चालणं अख्ख्या गावाला ओळखीचं होतं. नोकरीत त्यांनी कालवा पायी तुडवलेला, त्यामुळं लांब टांगा, किंचित पुढं झुकलेलं अंग. लोक लांबूनच म्हणायचे, साहेब आले. मित्र त्यांच्याकडं बघत उभा राहिला आणि मला म्हणाला, "तुझे वडील करतील का?"

मी म्हटलं, "ते नाही म्हणतील."

त्यानं विचारलं तेव्हा मी मुद्दाम आत गेले. मला वाटत होतं की त्यांनी नाही म्हणावं. ज्या माणसाशी मला धड चार वाक्यं बोलता येत नाहीत त्याच्यावर दिवसभर कॅमेरा कसा लावायचा, हे मला कळत नव्हतं. आतून मला आबांचा आवाज आला.

"बोलायचं किती हाय?"

"थोडंच आहे काका. चालायचं खूप आहे."

आबांनी टॉवेल झटकला, तो ऐकू आला. मग म्हणाले, "चालतो."

पहिल्या सकाळी भरावावर लांबचा शॉट लावला. आबा दूरवर ठिपक्याएवढे, आणि तिथून ते चालत कॅमेऱ्याच्या जवळ येणार. लांब पल्ल्याची लेन्स लावली की माणूस चालत राहतो पण जवळ येताना दिसत नाही. बघणाऱ्याला नुसतं त्याचं चालणं दिसतं. मी डोळा लावून बसले होते. आबा चालायला लागले. काहीतरी खटकत होतं आणि काय ते कळत नव्हतं.

दुसऱ्या टेकला कळलं. त्यांचा उजवा हात चालण्याबरोबर मागंपुढं होत होता. डावा होत नव्हता. तो कोपरात किंचित वाकून अंगाला लागून राहिला होता, काखेत काहीतरी धरल्यासारखा.

कॅमेऱ्यासमोर माणसं अवघडतात. मी लग्नांमध्ये बघितलं होतं, भलीभली माणसं हात कुठं ठेवायचे ते विसरतात. मित्रालाही तेच वाटलं. तो ओरडून म्हणाला, "काका, डावा हात मोकळा सोडा."

आबांनी मान हलवली. पुढच्या टेकला ते हात हलवत निघाले. काही पावलं तो हात बरोबर हलला. मग हळूहळू त्याचं हलणं लहान होत गेलं आणि थांबलं. आबांना ते कळलं असावं, कारण त्यांनी पुन्हा हलवायला सुरुवात केली आणि पुन्हा तसंच झालं. आणखी एक गोष्ट मला दिसली. डाव्या चपलेखाली धूळ जास्त उडत होती. पाय उचलला जात नव्हता, घासत होता.

"छान आहे," मित्र म्हणाला. "थकलेला वाटतोय म्हातारा. हेच ठेवू."

मी पुढचे शॉट लावत राहिले. पण मन कामावर नव्हतं. आई गेल्या काही महिन्यांपासून फोनवर सांगत असलेल्या गोष्टी मला आठवायला लागल्या. तुझे आबा आजकाल शर्टाची बटणं लावायला लई वेळ घेतात. त्यांचं बोलणं लई बारीक झालंय, दोनदा विचारावं लागतं. मी हे सगळं ऐकून "वय झालं आता" असं म्हणून फोन ठेवला होता.

दुपारी आईनं भरावावर चहा पाठवला. आबा बाभळीखाली बसले होते. मी कॅमेरा झाकून त्यांच्याकडं बघितलं. कप त्यांच्या उजव्या हातात होता. डावा हात मांडीवर होता आणि त्याचा अंगठा बोटांवरून सारखा फिरत होता, बिडीची तंबाखू चोळल्यासारखा. आबांनी कधी तंबाखूला हात लावला नव्हता. त्यांनी मान वर केली, मला बघितलं, आणि हात उचलून मांडीखाली दाबून धरला.

मी जाऊन शेजारी बसले. बाकीचे लोक लांब होते.

"दिसलं व्हय तुला?" आबा म्हणाले.

"कधीपासून आहे?"

"झालं असंल साल."

"डॉक्टरला दाखवलं का?"

"शहरात आलो व्हतो बँकेच्या कामाला. तवा दाखवलं एकाला. तो म्हणला, मेंदूच्या डॉक्टरकडं जा, हे कंपवाताचं वाटतंय."

"मग गेला का नाहीत? घरी आला असतात तरी, मी घेऊन गेले असते."

आबांनी चहाचा कप खाली ठेवला. तो नीट ठेवायला त्यांनी दोनदा जागा बदलली.

"तुझ्या आईच्या बापाला हेच व्हतं," ते म्हणाले. "तू लहान व्हतीस, तुला नाय आठवणार. सगळं अंथरुणात. आपल्याच घरी आणलं व्हतं त्यांला, आन् तुझ्या आईनं सगळं केलं. खाऊ घालायपासून सगळं. ते गेल्यावर मला म्हणली व्हती, आता आयुष्यात असं कोणाचं बघायचं नाय मला. मी तिला काय म्हणून सांगू?"

मी विचारलं, "मग हे सिनेमाचं कशाला हो म्हणालात? माणसं दिवसभर तुमच्याकडंच बघणार हे माहीत होतं ना?"

"आजून चालता येतंय म्हणून," आबा म्हणाले.

आणि थोड्या वेळानं, माझ्याकडं न बघता, "तुला काय घ्यायचं ते घे. हात तेवढा घेऊ नको. तुझी आई बघंल."

मी हो म्हटलं.

पुढचे सगळे दिवस मी आबांच्या उजव्या बाजूनं कॅमेरा लावला. सांगायला सोपं आहे. मोठा सेट नव्हता, दिवे नव्हते, होता तो उन्हाचा उजेड, आणि ऊन जागा बदलतं. सकाळी उजवी बाजू बरोबर असायची, दुपारनंतर ती पार काळवंडायची. मी रिफ्लेक्टर लावून चेहरा उजळत होते. कधी डाव्या हाताच्या पुढं बाभळीची फांदी येईल अशी जागा शोधत होते, कधी आबांना कुंपणापलीकडून चालवत होते. ज्या शॉटमध्ये दुसरा इलाज नव्हता तिथं मी सुचवलं की म्हाताऱ्याच्या डाव्या हातात दाव्याचं वेटोळं असावं. मित्राला ते आवडलं. म्हैस गेली पण दावं हातात राहिलं, असं काहीतरी तो बोलला. मी मान हलवली.

प्रत्येक टेकच्या आधी आबा माझ्याकडं बघायचे. मी अगदी थोडी मान हलवायची, म्हणजे हात दिसत नाही. मग ते चालायचे. आयुष्यात आमचं इतकं बोलणं कधी झालं नव्हतं, आणि त्यात शब्द एक नव्हता. तरी ते दिवस मला नको वाटत होते. झोप लागत नव्हती. जेवायला बसलं की मी आईच्या डोळ्यांकडं बघायची आणि आबांच्या हाताकडं बघायची. आबा डावा हात पंच्याच्या खाली ठेवून जेवायचे. आई भाकरी वाढायची, माणसांना आग्रह करायची, तिचं लक्ष चुलीकडं असायचं. मला प्रत्येक वेळी वाटायचं, आता बघेल.

मित्राच्या लक्षात यायला लागलं होतं. तो दिग्दर्शक असला तरी उजेड त्यालाही कळत होता. एका दुपारी त्यानं मला बाजूला घेतलं.

"तू सारखी उजवीकडूनच का लावतेयस?"

"उजेड तिकडून चांगला आहे."

"सूर्य इकडं आलाय. मला दिसत नाही का? चेहरा अर्धा मरतोय, वर तू रिफ्लेक्टर मारतेस, तो खोटा वाटतोय. आपलं असं ठरलं नव्हतं."

"एका बाजूनं ठेवलं तर सिनेमाला एक शिस्त येते," मी म्हटलं. हे मी तिथल्या तिथं रचलं होतं.

तो माझ्याकडं बघत राहिला. इतक्या वर्षांत आम्ही कामावरून कडाकडा भांडलो होतो, पण एकमेकांना फसवलं नव्हतं. तो एवढंच म्हणाला, "बरं. पण मला पटलं नाही."

शेवटच्या दिवशी गोठ्यातला प्रसंग होता. म्हातारा संध्याकाळी म्हशीशिवाय परत येतो, रिकाम्या खुंट्याजवळ बसतो आणि बसून राहतो. सूर्य कलला होता. उजेड गोठ्यात तिरपा येत होता आणि तो थोडाच वेळ राहणार होता. सकाळी कॅमेरा पुण्याला निघणार होता. आबा खुंट्याशी बसले, दावं मांडीवर. मी त्यांच्या उजवीकडून मधला शॉट घेतला. आई चहाची किटली घेऊन आली होती आणि शूटिंग चाललेलं बघून दाराशी थांबली होती.

शॉट संपला आणि मित्र मॉनिटरसमोरून उठलाच नाही. "थांबा," तो म्हणाला. "काका, उठू नका. तो हात बघितला का कोणी? दाव्यामागं हात कसा थरथरतोय बघा. काका, काय करताय तुम्ही. कमाल करताय."

दाव्याच्या वेटोळ्याआडून बोटं दिसली होती. माझ्या नजरेतून ती सुटली होती.

"क्लोज-अप घे," मित्र मला म्हणाला. "फक्त हात. लवकर, उजेड चाललाय."

"नको," मी म्हटलं.

"काय?"

"हाताचा क्लोज-अप नको. चेहरा घेऊ."

"चेहरा आहे आपल्याकडं. मला हात पाहिजे. हाच सिनेमा आहे सगळा, तुला दिसत नाही का?"

"मी नाही घेणार."

साउंडवाल्यानं कानावरचा हेडफोन खाली केला. मित्राचा चेहरा लाल झाला होता. तो माझ्या जवळ येऊन हळू आवाजात बोलला, पण ते सगळ्यांना ऐकू गेलं. "तुला झालंय काय? आठवडाभर तू माझ्या विरोधात काम करतेयस. तुला जमत नसेल तर बाजूला हो, मी घेतो."

त्यानं कॅमेऱ्याकडं हात नेला. मी कॅमेऱ्यापुढं उभी राहिले. एवढं मला आठवतं. काय सांगणार होते मी, कोणाला सांगणार होते, काही ठरलेलं नव्हतं. फक्त दाराकडं बघायचं नाही एवढं ठरवलं होतं.

"घे," आबा म्हणाले.

मी वळले. आबांनी दावं बाजूला ठेवलं होतं. डावा हात गुडघ्यावर उताणा ठेवला होता, सगळ्यांना दिसेल असा. तो हलत होता.

"आबा, नको."

"घे म्हणलं ना. तुझं काम कर."

मी लेन्स बदलली. फोकस लावला. त्या उजेडात त्यांच्या बोटांवरचे केस दिसत होते, नखांत अडकलेली माती दिसत होती, आणि अंगठा बोटांवरून फिरत होता, सारखा, एका लयीत. मी श्वास धरून ठेवला होता. मित्र 'कट' म्हणाला नाही. उजेड विझेपर्यंत कॅमेरा चालू राहिला.

मग आई आत आली. किटली तिनं जमिनीवर ठेवली. ती आबांच्या समोर बसली, त्यांचा डावा हात तिनं आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि मनगटाशी धरून हळूहळू वाकवून बघितला, वर, खाली. हात अडखळत अडखळत वाकत होता. ती काय बघत होती ते तेव्हा मला कळलं नाही. पुढं डॉक्टरांनी तसंच करून बघितलं तेव्हा कळलं.

"चहा घ्या सगळ्यांनी," ती उठून म्हणाली. "निवंल."

त्या संध्याकाळी तिनं सगळ्यांना जेवायला वाढलं, रोजच्यासारखंच. माणसं अंगणात पांगल्यावर, आबांकडून सगळं काढून घेऊन, ती माझ्यासमोर आणि आबांसमोर येऊन उभी राहिली.

"दोघांनी मिळून ठरवलं व्हय माझं?"

आबा म्हणाले, "तुला परत त्या सगळ्यात—"

"मी बोलले व्हते, व्हय. बाप गेल्यावर माणूस काय काय बोलतं. ते तुम्ही इतकी वर्सं धरून ठेवलं?" तिचा आवाज चढला नव्हता. "साल झालं म्हणता. साल वाया घालवलं. माझ्या बापाचं उशिरा कळलं म्हणून त्याचे हाल झाले. हे मला ठाऊक हाय, तुम्हाला नाय. आन् नेमकं मलाच सांगितलं नाय."

मग ती माझ्याकडं वळली. "तू तर डोळ्यानं कमावती. तुला दिसलं आन् तू झाकत बसली."

आबांनी मान खाली घातली. आई आत गेली आणि दुसऱ्या दिवसाच्या प्रवासासाठी आबांचे कपडे पिशवीत भरायला लागली.

सकाळी कॅमेरा पुण्याला गेला आणि आम्ही तिघं शहरात आलो. मेंदूच्या डॉक्टरांनी आबांना चालायला लावलं, वळायला लावलं, बोटं आपटायला लावली, आणि आईनं केलं होतं तसं मनगट वाकवून ते किती ताठरलंय ते बघितलं. त्यांनी विचारलं, घरी कोणी चालतानाचा व्हिडिओ काढला आहे का. मी लॅपटॉप उघडला. त्यांनी भरावावरचे टेक एकामागून एक बघितले आणि मला विचारलं, "पहिले सोडले तर बाकी सगळं एका बाजूनंच का काढलंय?" आई खिडकीबाहेर बघत होती.

गोळ्या सुरू झाल्या. हात बराच शांत झाला, चालही सुधारली. डॉक्टरांनी सांगितलं की हा आजार जाणारा नाही, सांभाळायचा आहे. आई म्हणाली, "सांभाळू."

मित्राला मी सगळं सांगितलं ते नंतर, त्याच्या घरी जाऊन. त्यानं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "मी त्यांना 'कमाल करताय' म्हणालो." आणि नंतर, "तू मला पहिल्याच दिवशी सांगायला पाहिजे होतंस. मी त्यांना इतकं चालवलं नसतं."

"म्हणूनच नाही सांगितलं," मी म्हटलं. "त्यांना चालायचं होतं."

तो दुखावला गेला होता आणि ते दुखणं पुष्कळ दिवस टिकलं. एडिटिंगच्या वेळी आम्ही शेजारी बसायचो आणि कामाचंच बोलायचो. हाताचा शॉट ठेवायचा की नाही, यावर तो म्हणाला की मी ठरवावं. मी आबांना विचारलं. आबा म्हणाले, आईला विचार. आईला मी तो शॉट लॅपटॉपवर दाखवला. तिनं तो शेवटपर्यंत बघितला.

"काढून टाका," ती म्हणाली. "लोकांला ते नाटक वाटंल. तुझ्या मित्राला वाटलं तसं."

मित्रानं तो काढला. त्याच्या मते सिनेमातला सगळ्यात चांगला शॉट तोच होता, आणि माझ्याही मते. आम्ही दोघांनी तो काढताना एकमेकांकडं बघितलं आणि कितीतरी दिवसांनी तो थोडा हसला.

सिनेमा पुरा व्हायला पुढं बराच काळ गेला. तो काही महोत्सवांत गेला, थोड्या लोकांनी पाहिला. एका ठिकाणी प्रेक्षकांतल्या एका बाईंनी मला विचारलं की कॅमेरा कायम त्या म्हाताऱ्याच्या उजव्या बाजूला का राहतो, त्यामागं काय विचार होता. मी म्हटलं, तिथून उजेड बरा होता. त्या सिनेमानं मला पुढची कामं मिळाली. त्यातलं पहिलं कोकणातलं होतं आणि आबांच्या गोळ्यांचं प्रमाण अजून बसत नव्हतं. मी जाऊ का, असं आईला विचारलं तर ती म्हणाली, "तू इथं बसून काय करणार? जा." मी गेले. तेव्हापासून माझं आयुष्य असंच आहे. कुठंतरी डोंगरात कॅमेरा लावून बसायचं आणि फोनला रेंज आली की आधी घरी लावायचा. रिंग वाजत असते तेवढा वेळ काही सुचत नाही.

शहरात सिनेमा दाखवला तो एका रविवारी दुपारी, लहानशा सभागृहात. आबा आणि आई पिशोरहून आले. आबांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. मी त्यांच्या मागच्या रांगेत बसले, पडद्याकडं न बघता त्यांच्या मानेकडं बघत. पडद्यावर आबा भरावावरून चालत होते. ते मध्येच आईकडं झुकून काहीतरी बोलले. आईनं नंतर सांगितलं. ते म्हणाले होते, "हितं बरा चाललोय."

सिनेमा संपला, लोक भेटले, मित्रानं आबांना वाकून नमस्कार केला. आम्ही बाहेर निघालो. सभागृहाच्या दारात उंबऱ्याची एक पितळी पट्टी होती. आबा तिच्याशी आले आणि थांबले. पाय जमिनीला चिकटल्यासारखे. अंग पुढं झुकलं होतं पण पाऊल उठत नव्हतं. हे मी पहिल्यांदाच बघत होते. मागं लोकांची रांग लागली. कोणीतरी म्हणालं, काका, चला ना. मी त्यांचा दंड धरून ओढणार होते.

"ओढू नको," आई म्हणाली. "पडतील."

तिनं आपलं पाऊल आबांच्या पावलापुढं आडवं ठेवलं. "हे ओलांडा," ती म्हणाली. "घाई नाय."

आबांनी खाली तिच्या पावलाकडं बघितलं. सगळे थांबले होते. मग त्यांचा डावा पाय उचलला गेला, तिच्या पावलावरून पलीकडं पडला, मागून उजवा आला, आणि ते दाराबाहेर आले.

आई त्यांच्या शेजारून चालायला लागली. मी रिक्षा बघायला पुढं गेले.